शेवटच्या तारखेचा शिक्का : दोन लोकसेवा आयोगांना खुले पत्र

प्रति,
मा. अध्यक्ष व सदस्य, कर्नाटक लोकसेवा आयोग, उद्योग सौध, बेंगळुरू
मा. अध्यक्ष व सदस्य, महाराष्ट्र लोकसेवा आयोग, नवी मुंबई

विषय : मुदतीत अपुरे राहिलेले किंवा मुदतीनंतर पोहोचलेले अर्ज आणि त्यावरून होणारे न्यायालयीन वाद

सविनय नमस्कार.

दोन राज्यांच्या आयोगांना मिळून एकच पत्र लिहिण्याचा प्रघात नाही, हे मला ठाऊक आहे. परंतु बेळगाव, खानापूर, निपाणी या पट्ट्यातील मराठी घरातला पदवीधर मुलगा एकाच संगणकावर, कधी कधी एकाच आठवड्यात, आपणा दोघांकडेही अर्ज करतो. कर्नाटकाचा रहिवासी म्हणून बेंगळुरूला अर्ज करण्याचा हक्क त्याला आहेच. शिवाय महाराष्ट्राने दावा सांगितलेल्या ८६५ गावांपैकी एखाद्या गावचा तो असेल, तर महाराष्ट्र शासनाच्या १० जुलै २००८ च्या निर्णयाप्रमाणे पंधरा वर्षांच्या वास्तव्याचा दाखला जोडून तो मुंबईकडेही पाहू शकतो. सीमाप्रश्नावर मला येथे काहीही लिहायचे नाही. तो २००४ पासून सर्वोच्च न्यायालयासमोर आहे. मला लिहायचे आहे ते शेवटच्या तारखेविषयी. बेंगळुरूच्या कार्यालयासाठी या पत्राची कन्नड प्रत वेगळी पाठवली आहे.

मी टपाल खात्यातून निवृत्त झालेला उपडाकपाल आहे. नोकरीची बहुतेक वर्षे खानापूर तालुक्यात गेली. आता गावातल्या अभ्यासिकेत संध्याकाळी दोन तास बसतो आणि मुलांचे अर्ज तपासून देतो. मी वकील नाही. या विषयावरचे निकाल मी वाचले, ते एका मुलीच्या प्रकरणामुळे वाचावे लागले म्हणून.

टपालाच्या काळात परीक्षेच्या अर्जाची शेवटची तारीख आमच्या खिडकीवर सर्वांत आधी कळत असे. केंद्रीय भरतीसाठी वेगळी शुल्क-तिकिटे असत. ती अर्जावर चिकटवायची आणि त्यांवर आम्ही तारखेचा शिक्का मारायचा. राज्याच्या परीक्षांना पोस्टल ऑर्डर लागे. शेवटच्या चार दिवसांत जांबोटी-कणकुंबीकडची पोरे भिजलेल्या छत्र्या दाराशी ठेवून रांगेत उभी राहत. पाकीट प्लॅस्टिकच्या पिशवीत, पिशवी शर्टाच्या आत. रजिस्टर केले की हातात पावती पडे आणि पावतीवर शिक्का असे : गाव, तारीख, वेळ. आठ-दहा दिवसांनी पोच परत येई. अर्ज उशिरा पोहोचला तर वाद होई, नाही असे नाही. पण मुलाने आपल्या बाजूने काय केले आणि कधी केले, हे त्या शिक्क्याने सिद्ध होत असे, आणि शिक्का मारणारा माणूस उमेदवाराचाही नव्हता नि आयोगाचाही नव्हता.

तो काळ परत आणा, असे मी म्हणत नाही. ऑनलाइन अर्जाने खानापूरच्या मुलाचा एक दिवस आणि दीडशे रुपये वाचले, हे मी रोज पाहतो. मात्र त्या बदलात तिऱ्हाइताचा शिक्का नाहीसा झाला आणि त्याच्या जागी काहीच आले नाही.

आता ती मुलगी. भीमगडच्या जंगलाला लागून असलेल्या एका गावची, घरातली पहिली पदवीधर. ज्या भरतीविषयी सांगतो आहे ती आपल्या दोघांपैकी कोणाचीही नव्हती. कोणाची होती, ते येथे लिहिण्याचे कारण नाही. आमगाव, गवाळी, पास्तोली या बाजूला पावसाळ्यात रस्ताच राहत नाही, मग रेंज कुठून असणार? जातीच्या दाखल्यासाठी तिने नाडकचेरीत, म्हणजे कर्नाटकातल्या स्थानिक महसूल कचेरीत, अर्ज केला होता. तो मिळेपर्यंत मुदतीचे शेवटचे दोन दिवस उरले. शेवटच्या रात्री ती आमच्या अभ्यासिकेत बसून अर्ज भरत होती आणि मी शेजारच्या खुर्चीवर होतो. फोटो बसला, सही बसली, सगळी पाने जतन झाली, अर्जाला क्रमांकही मिळाला. अकरा वाजून एकेचाळीस मिनिटांनी तिच्या खात्यातून शुल्क वजा झाल्याचा संदेश आला. पडद्यावर मात्र पांढरे चक्र फिरत राहिले. बाराच्या ठोक्याला पान बदलले आणि त्यावर मुदत संपल्याची सूचना आली.

चौथ्या दिवशी पैसे खात्यात परत आले. ते तसे येणारच होते, कारण फसलेल्या व्यवहारांसाठी रिझर्व्ह बँकेने २० सप्टेंबर २०१९ च्या परिपत्रकात मुदत बांधून दिली आहे. व्यापाऱ्याला किंवा संस्थेला दिलेले पैसे अडकले, तर पाच दिवसांच्या आत ते आपोआप परत करायचे आणि उशीर झाला तर दिवसाला शंभर रुपये भरपाई द्यायची, असा तो नियम आहे. म्हणजे तिच्या पैशांचे काय होणार हे आधीच ठरलेले होते. तिच्या अर्जाचे काय होणार, याविषयी मात्र एका ओळीचाही नियम कुठे नव्हता. मदतवाहिनीवर उत्तर मिळाले, ‘शुल्क प्राप्त नाही’. ई-मेलला उत्तर आले नाही. माहितीच्या अधिकारात त्या रात्रीच्या नोंदी मागितल्या, तर तिसाव्या दिवशी पत्र आले की संकेतस्थळ बाहेरची कंपनी चालवते, नोंदी तिच्याकडे असतात. तोपर्यंत प्रवेशपत्रे निघाली होती. वकिलामार्फत दाद मागितली. दोन तारखा पडल्या, परीक्षा होऊन गेली आणि मागणीत आता काही उरले नाही म्हणून अर्ज निकाली निघाला. तिची बाजू बरोबर होती की चूक, हे कोणी ठरवलेच नाही.

या टप्प्यावर मी निकाल वाचू लागलो. वाचताना लक्षात आले की ‘मुदतीनंतरचा अर्ज’ या एकाच नावाखाली निरनिराळी भांडणे येतात आणि आपली कार्यालये त्या सर्वांना एकच छापील उत्तर देतात.

पहिले भांडण पात्रतेचे. पदवीचा निकाल अर्जाच्या शेवटच्या तारखेनंतर लागला, पण मुलाखतीच्या आधी लागला, तर चालेल काय? जम्मू-काश्मीरमधील कनिष्ठ अभियंत्यांच्या १९८२ सालच्या भरतीवरून हा वाद सर्वोच्च न्यायालयात गेला आणि १९९७ साली कायमचा मिटला : पात्रता शेवटच्या तारखेलाच असली पाहिजे. मला हे पूर्णपणे मान्य आहे. जाहिरात वाचून, आपला निकाल अजून लागलेला नाही म्हणून जो मुलगा प्रामाणिकपणे घरी बसला, त्याच्यावर दुसरा कोणताही निर्णय अन्याय करणारा ठरला असता. अभ्यासिकेतली मुले यावर माझ्याशी वाद घालतात. मी त्यांना हेच सांगतो.

दुसरे भांडण पुराव्याचे. आरक्षणाचा हक्क आधीपासूनचा असतो, कागद तेवढा नंतरचा. ओडिशातील वैद्यकीय प्रवेशाच्या एका प्रकरणात माजी सैनिकाच्या मुलीच्या प्रमाणपत्रात सैनिक मंडळाचीच चूक होती. २००४ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की पात्रता असणे आणि तिचा पुरावा सादर करणे या वेगळ्या गोष्टी आहेत आणि पुराव्याच्या नियमातील प्रत्येक त्रुटीपायी उमेदवारी रद्द झालीच पाहिजे असे नाही. २०१६ साली दिल्लीतील परिचारक पदांच्या भरतीत इतर मागास वर्गाचा दाखला मुदतीनंतर दिलेल्या उमेदवाराला त्याच न्यायालयाने दिलासा दिला. पुढच्या काही निकालांचा कल मात्र याहून कडक दिसतो, त्यामुळे वकील कोणालाच खात्री देत नाहीत.

सीमाभागात हे दुसरे भांडण फार होते, आणि त्याचे कारण साधे आहे. कर्नाटकात ग्रामीण उमेदवारांना २५ टक्के आणि कन्नड माध्यमात शिकलेल्यांना ५ टक्के समांतर आरक्षण आहे, त्यासाठी ठरलेल्या नमुन्यातला दाखला लागतो, आणि तो शेवटच्या तारखेच्या आत काढलेला असावा लागतो. मराठी माध्यमाच्या मुलाला त्यातला ग्रामीण दाखला तेवढा लागू पडतो. तो मागायला गेला की शाळेच्या कागदावरचे नाव, आधारवरचे नाव आणि कन्नडमधून परत लिप्यंतर होऊन आलेले नाव यांत काना-मात्रेचा फरक निघतो. माझ्यासमोरच्या एका अर्जात वडिलांचे नाव तीन कागदांवर तीन प्रकारे होते. ते दुरुस्त करण्यात अठरा दिवस गेले. उलट बाजूने, महाराष्ट्राकडे अर्ज करायचा तर आपण ८६५ गावांतले आहोत हा दावा अर्जातच करावा लागतो. ती खूण राहून गेली की नंतर दाखला दाखवून उपयोग नसतो. हा दाखला मागायचा एका राज्याच्या कचेरीत आणि दाखवायचा दुसऱ्या राज्याला. मागणाऱ्याकडे खिडकीपलीकडचा माणूस कसा पाहतो, त्याचे वर्णन करण्याची गरज नाही.

कर्नाटकात सेवा वेळेत मिळावी यासाठी २०११ चा कायदा आहे. त्याचे लोकप्रिय नाव ‘सकाल’. कन्नडमध्ये त्याचा अर्थ योग्य वेळ. आमच्याकडची वडीलधारी माणसे तो शब्द ‘सकाळ’ असा वाचतात आणि सकाळीच कचेरीत जाऊन बसतात. त्या कायद्यात उशिराबद्दल दिवसाला वीस रुपये, जास्तीत जास्त पाचशे रुपये भरपाई आहे. पाचशे रुपयांनी दाखल्याचा उशीर भरून निघत असेल, पण गेलेली शेवटची तारीख भरून निघत नाही. म्हणून माझी सूचना अशी की दाखल्यासाठीचा अर्ज ठरलेल्या मुदतीइतके दिवस आधी केलेला असेल आणि तशी सकालची पावती उमेदवाराकडे असेल, तर नंतर हाती आलेला दाखला कागदपत्र-पडताळणीच्या दिवसापर्यंत स्वीकारावा. कचेरीला लागलेला उशीर उमेदवाराच्या नावावर जमा करू नये.

तिसरे भांडण म्हणजे त्या मुलीचे : अर्ज केला, पण पोहोचला की नाही? जुन्या काळी याचेच रूप ‘टपाल कोणाचे’ असे होते. या प्रश्नावर १९५४ सालचा एक निकाल आहे आणि तो योगायोगाने आपल्याच मुलखातल्या कारखान्याचा आहे. ज्यांचा प्रभाकर कंदील एके काळी घरोघरी होता, त्या ओगले काच कारखान्याचा तो आयकराचा खटला. कारखाना औंध संस्थानात, माल सरकारला विकलेला, पैसे चेकने पाठवा असे कारखान्याने कळवलेले आणि चेक दिल्लीहून टपालाने निघालेला. मग पैसे मिळाले कुठे, दिल्लीत की औंधात? सर्वोच्च न्यायालयाने म्हटले, दिल्लीत. कारण ज्याने टपालाने पाठवायला सांगितले, टपाल त्याचे हस्तक झाले. भरतीच्या अर्जांना हे तत्त्व सरळ लागू होत नाही, कारण ‘टपालातील विलंबास आम्ही जबाबदार नाही’ हे वाक्य आयोग जाहिरातीत पूर्वीपासून घालत आले आहेत. तरीही आज प्रश्न उरतोच. अर्ज दुसऱ्या कोणत्याही मार्गाने घेणार नाही, शुल्क याच दुव्यावरून भरा, असे सांगणारे आपणच आहात. मग तो दुवा अडखळला तर तो हस्तक कोणाचा? माहिती तंत्रज्ञान कायदा, २००० चे कलम १३ सांगते की समोरच्याने नेमून दिलेल्या संगणक-यंत्रणेत नोंद शिरली की ती त्याला मिळाली. त्या मुलीची सगळी माहिती बारा वाजण्यापूर्वी नेमून दिलेल्या यंत्रणेत शिरली होती, तिला क्रमांकही मिळाला होता. शुल्काशिवाय अर्ज पुरा होत नाही, हे उत्तर मला ठाऊक आहे आणि ते पोकळ नाही. पण शुल्क खात्यातून निघाल्याची वेळ बँकेकडे असताना त्या वेळेकडे पाहायचेच नाही, याचे समर्थन मला कुठे सापडले नाही.

‘आमचे हात बांधलेले आहेत’, असे कार्यालयांतून नेहमी ऐकू येते. त्यासाठी आसाम लोकसेवा आयोगाच्या प्रकरणातील २०११ चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल दाखवला जातो. अपंगत्वाचे ओळखपत्र मुदतीनंतर दिलेल्या उमेदवाराला तेथे सवलत नाकारली गेली. तो निकाल मी दोनदा वाचला. त्यात म्हटले आहे ते असे की सवलत देण्याचा अधिकार नियमांत किंवा जाहिरातीत राखून ठेवलेला असला पाहिजे, आणि सवलत दिली तर ती सर्वांना कळेल अशी प्रसिद्ध केली पाहिजे, म्हणजे त्याच स्थितीतल्या इतरांनाही तिचा लाभ घेता येईल. अधिकार राखून ठेवायला या निकालाने कोणालाही मनाई केलेली नाही. जाहिरातीचा मसुदा आपणच करता. एक परिच्छेद वाढवला की हात मोकळे होतात.

आणि असा परिच्छेद पूर्वी होता. संघ लोकसेवा आयोगाच्या जुन्या जाहिरातींत आसाम, मेघालय, लडाख, लाहौल-स्पीती, अंदमान-निकोबार, लक्षद्वीप अशा प्रदेशांतून टपालाने येणाऱ्या अर्जांना एक आठवडा जास्त दिलेला असे. त्यामुळे शेवटच्या तारखेचे पावित्र्य भंगले, असे कोणी म्हटल्याचे आठवत नाही. आमच्या खात्यातही पेटी उघडण्याची वेळ टळून गेली तर रेल्वेच्या टपाल-डब्यात जादा ‘लेट फी’ लावून पत्र टाकता येत असे. उशिराचीही एक रीत होती आणि ती रीत आधीपासून सर्वांना माहीत होती.

रीत नसली की काय होते, ते धनबादच्या आयआयटीच्या प्रकरणात दिसले. मुजफ्फरनगर जिल्ह्यातील रोजंदारी मजुराच्या मुलाला १७,५०० रुपये वेळेत भरता आले नाहीत, थोडक्यात मुदत हुकली आणि जागा गेली. ३० सप्टेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने अनुच्छेद १४२ खालील आपला असाधारण अधिकार वापरून त्याला प्रवेश द्यायला लावला. वर्तमानपत्रे वाचून आमच्या अभ्यासिकेत टाळ्या पडल्या. मला मात्र त्यात काळजीच वाटली, कारण तो अधिकार देशात एकाच न्यायालयाकडे आहे आणि तेथपर्यंत पोहोचणारा मुलगा लाखांत एक.

आमच्या मुलाची वाट कशी असते, तेही सांगतो. कर्नाटकातील राज्य सेवेचा वाद आधी राज्य प्रशासकीय न्यायाधिकरणात न्यावा लागतो. त्याचे पीठ बेळगावात आहे, हा मोठाच दिलासा आहे. त्यापुढे १९९७ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाप्रमाणे उच्च न्यायालयाचे द्विसदस्य पीठ, म्हणजे २०१३ पासून कायम झालेले धारवाडचे खंडपीठ, बेळगावपासून पाऊणशे-ऐंशी किलोमीटरवर. वाद महाराष्ट्राच्या भरतीचा असेल तर मुंबईची वाट. पहिल्या तारखेला वकील तात्पुरत्या प्रवेशाची मागणी करतो. ती मिळाली तर मुलगा परीक्षेला बसतो आणि त्याचा निकाल पाकिटात बंद राहतो. त्या पाकिटापायी एक जागा अडते, शेवटच्या क्रमांकावरचा दुसरा मुलगा वर्षभर टांगणीला लागतो आणि तोही एक वकील करतो. प्रवेश नाकारला गेला तर आमच्या मुलीसारखे होते. दोन्ही वाटांनी आपल्या कायदा विभागाचे दिवस जातात, ते वेगळेच.

म्हणून मागणे मोजकेच आहे. मुदत वाढवा, असे ते नाही. ऐनवेळी वाढवलेल्या मुदतीने वेळेत अर्ज करणाऱ्याचा विश्वास जातो, हे मी पाहिले आहे. शिवाय शेवटच्या दिवसापर्यंत थांबणाऱ्यांत आळशीही पुष्कळ असतात. त्यांची वकिली मी करणार नाही. जाहिरातीतच असे लिहून ठेवावे की मुदतीपूर्वी क्रमांक मिळालेल्या अर्जाचे शुल्क खात्यातून मुदतीच्या आत वजा झाले असेल, तर उमेदवाराला पुढील तीन कामाच्या दिवसांत तेवढे शुल्क पुन्हा भरून अर्ज पुरा करता येईल. अर्जातला दुसरा एकही शब्द त्याला बदलता येणार नाही. अर्धवट राहिलेल्या प्रत्येक अर्जासाठी यंत्रणेने वेळेची नोंद असलेली पावती त्याच क्षणी द्यावी : अमुक वाजता हे पान जतन झाले, अमुक वाजता शुल्काच्या पानाकडे पाठवले, अमुक वाजता उत्तर आले नाही. वाद झालाच तर भारतीय साक्ष अधिनियम, २०२३ च्या कलम ६३ प्रमाणे त्या नोंदी प्रमाणपत्रासह देण्याची अट संकेतस्थळ चालवणाऱ्या कंपनीच्या करारातच घालावी, म्हणजे तिसाव्या दिवशी ‘आमच्याकडे नाहीत’ असे पत्र येणार नाही. आणि अशा तक्रारींवर प्रवेशपत्रे निघण्यापूर्वी कारणांसह लेखी निर्णय व्हावा. निर्णय विरोधात गेला तरी चालेल. कारण लिहिलेले असले की वकीलही सांगू शकतो, ‘पोरी, यात काही नाही, घरी जा.’

कर्नाटक आयोगाचे प्रादेशिक कार्यालय बेळगावात आहे. तक्रार तेथे हातोहात द्यायची आणि शिक्का मारलेली पोच घ्यायची, एवढी सोय झाली तरी खानापूरच्या मुलाचा बेंगळुरूचा पाचशे किलोमीटरचा हेलपाटा वाचेल. महाराष्ट्र आयोगाने ८६५ गावांच्या उमेदवारांसाठी हीच सोय कोल्हापुरात करावी. निपाणीहून ते तासाभरावर आहे.

त्या मुलीने यंदा नव्या जाहिरातीच्या तिसऱ्याच दिवशी अर्ज भरला. शुल्काची पावती निघाली, तिच्या दोन प्रती काढून एक माझ्याकडे ठेवली आहे.

रजिस्टर्ड टपाल २०२५ साली स्पीड पोस्टात विलीन झाले, त्यामुळे हे पत्र दोन्ही आयोगांना स्पीड पोस्टाने पाठवले आहे. पोच मागितली आहे.

आपला विश्वासू,
एक निवृत्त उपडाकपाल
तालुका खानापूर, जिल्हा बेळगाव